घरटी एक शब्द

"सुगंधा, तू वाच. तुझा आवाज मागपर्यंत पोचतो," असं म्हणत कासारेदादांनी पाकीट माझ्या हातात दिलं.

पाकिटाची कड उसवलेली होती. ती दादांनी नव्हे, तुरुंगवाल्यांनी उसवलेली असायची. अमेरिकेतल्या कुठल्याशा तुरुंगातून ओटिसचं पत्र यायचं, ते असंच. आधी त्यांनी वाचलेलं, वर शिक्का मारलेलं, आणि मग दोन महिन्यांनी आमच्यापर्यंत पोचलेलं.

त्या रविवारी दुपारी बालवाडीच्या पत्र्याखाली सगळी वस्ती जमली होती. मुंबईच्या पूर्वेला खाडीकडे मिठागरं आहेत, त्यांच्या बांधालगत आमच्या एकशे अठरा झोपड्या होत्या. बहुतेक माणसं बहात्तरच्या दुष्काळात मराठवाड्यातून आलेली, बौद्ध, मिठागरात नाहीतर गोदीत राबणारी. मी तेव्हा तेवीस वर्षांची होते आणि वस्तीतली पहिली बी. ए. त्यामुळे इंग्रजी पत्र वाचून मराठीत सांगायचं काम माझ्याकडे आलं होतं. त्या कामाचा मला अभिमान होता. खरं बोलायचं तर माज होता.

"ओटिस लिहितो," मी सुरुवात केली, "आमची संघटना मोठी होती. आम्ही काळ्या वस्त्यांतल्या पोरांना सकाळची न्याहारी द्यायचो, दवाखाने चालवायचो, पोलिसांवर नजर ठेवायचो. पण वर पाच-सहा जण बसले होते आणि ते म्हणतील तसं खाली व्हायचं. ते चुकले, तेव्हा त्यांना 'चुकलात' म्हणायची कुणाला सवयच उरली नव्हती. सरकारने आम्हाला मोडलं हे खरं. पण आम्ही आतून आधीच गप्प झालो होतो. म्हणून सांगतो, कुणालाही वर बसवू नका."

टाळ्या पडल्या. त्या ओटिसला पडल्या की माझ्या आवाजाला, हा प्रश्न मला तेव्हा पडला नाही.

कासारेदादा मूळचे रत्नागिरीकडचे, जहाजावर खलाशी. एका अमेरिकन बंदरात बोटीवरून उतरले ते परत चढलेच नाहीत. सहा वर्षं काळ्या लोकांच्या वस्तीत राहिले, मग कागदपत्रं नाहीत आणि वर पोलिसाशी मारामारी, म्हणून तीन वर्षं तुरुंगात गेले. तिथे शेजारच्या कोठडीत ओटिस. त्याची शिक्षा एवढी लांब होती की दादा ती आकड्यात सांगत नसत. ओटिसने त्यांना वाचायला शिकवलं आणि एक विचार दिला. आपल्यासारख्यांचं सरकार कधी होत नसतं, आपण सरकारवाचून जगायला शिकावं, एकमेकांना धरून.

ओटिस या विचाराला एक इंग्रजी शब्द वापरायचा, अ‍ॅनार्की. मी तो डिक्शनरीत पाहिला, तर अर्थ निघाला 'बेबंदशाही, गोंधळ'. दादांना दाखवलं, तर ते पोट धरून हसले. "अगं, डिक्शनरी कुणी छापली? ज्यांचं राज्य आहे त्यांनी. चोराला विचारशील का कुलूप कसं असावं म्हणून?"

म्हातारे किसनबुवा एकदा दादांवर भडकले होते. "बाबासाहेबांनी घटना लिहिली आन् तू म्हनतोस सरकार नगं?"

"घटना आपलीच आहे बुवा," दादा शांतपणे म्हणाले होते. "पण चौकीत तुम्हाला ती कुठं दिसली का कधी?"

बुवांचा थोरला मुलगा चौकीतून हातपाय मोडून परत आला होता.

तर शिक्षा संपून मायदेशी परत पाठवलेले दादा आमच्यात राहायला आल्यापासून पाच वर्षांत वस्ती बदलली होती. रोज सकाळी मोठ्या पातेल्यात पोरांची पेज शिजायची, तिला घरटी मूठभर तांदूळ. पाण्याची लाइन आम्ही स्वतः खणून आणली. बायका पाळीपाळीने बालवाडी सांभाळायच्या, भांडणं बैठकीत मिटायची. बैठकीत खुर्ची आणायला बंदी होती. अध्यक्ष नाही, सेक्रेटरी नाही, आणि हात वर करून मतं मोजायचीही नाहीत. "मोजलं की कुणीतरी हरतं," दादा म्हणायचे.

पद्धत अशी होती. एखादी गोष्ट एका दिवशी बोलायची, शब्द दुसऱ्या दिवशी द्यायचा, म्हणजे माणसाला घरी जाऊन विचार करता येतो. घरटी एक माणूस, त्याला एक शब्द. हो किंवा नाही. एकशे सतरा हो आले आणि एकच नाही आला, तरी ते बारगळलं, मग ज्याला जे योग्य वाटेल ते त्याने करावं. आणि नाही म्हणणाऱ्याला कारण विचारायचं नाही. हे नुसतं बोलण्यापुरतं नव्हतं. दारूच्या भट्टीवर बंदी घालायची ठरत होती, तेव्हा एकट्या म्हादू कांबळेने नाही म्हटलं आणि बंदी पडली. बायकांनी महिनाभर म्हादूला पाणी पाजलं नाही, पण बंदी काही झाली नाही. सहा महिन्यांनी तोच हो म्हणाला, तेव्हा झाली.

त्या रविवारचा विषय दारूपेक्षा फार मोठा होता. मंगळवार ते गुरुवार सरकारी माणसं मोठ्या रस्त्यावर तंबू ठोकून नोंदणी करणार होती. ज्याच्याकडे ठरावीक सालाच्या आधीचं रेशनकार्ड, त्याचा फोटो काढून त्याला पास मिळणार. पुढेमागे वस्ती उठली तर पासवाल्याला पक्की खोली, बाकीच्यांना रस्ता. आम्ही कार्डं तपासली. एकशे अठरांत एक्केचाळीस घरं बसत होती.

"हे आपल्याला दोन ढिगात वाटणार," दादा म्हणाले. "पुढचे आणि मागचे. पुढचे एकदा आत गेले की मागच्यांसाठी कोण भांडेल? माझं म्हणणं, सगळ्यांची नोंद करत नाहीत तोवर एकानेही करू नये. पण हे माझं म्हणणं. उद्या सकाळी कामावर जायच्या आधी शब्द देऊ."

मी उठून दादांपेक्षा दुप्पट वेळ बोलले. ओटिसची वाक्यं पेरत बोलले. माणसं माना डोलवत होती, आणि मला ते फार आवडलं.

घरी आले तर आई दारात बोंबील निवडत बसली होती. माझ्या आईचं नाव तानूबाई. बैठकीत आमच्या घराचा शब्द मी द्यायचे, कारण तिला मिठागरातून आल्यावर बसवत नसे.

"काय ठरलं?" तिने विचारलं.

मी सांगितलं. तिचे हात थांबले.

"आपलं कार्ड कवाचं हाय?"

"आपण बसतो, आई. पण म्हादू बसत नाही, किसनबुवा बसत नाहीत."

"अन् कौसा?"

"कौसाकाकू बसतात."

कौसाकाकू म्हणजे शेजारच्या झोपडीतली कौसाबाई. तिचा नवरा अर्धांगवायूने खाटेवर पडलेला, दोन्ही पोरी लग्न होऊन गेलेल्या. लहानपणी माझी वेणी तिनेच घातली होती, आई मिठागरात असायची म्हणून.

"सुगंधे, चारदा मोडलंय माजं घर," आई म्हणाली. "चारदा म्या बांबू रोवले. तिसऱ्या येळंला तुझा बाप ऊन लागून गेला. आता पाचव्यांदा रोवायला हातात जोर न्हाई गं. उद्या न्हाई म्हन."

"मी कशी म्हणू?"

"का? तोंड काय भाड्यानं दिलंय? न्हाई म्हननाराला कारन बी सांगावं लागत न्हाई म्हनतेस. तुमचाच कायदा हाय ना?"

"आई, मीच तासभर बोलले सगळ्यांसमोर. आता मीच नाही म्हटलं तर लोक काय म्हणतील?"

आईने बोंबिलाचं डोकं मोडलं आणि सुपात टाकलं. "लोक काय म्हनतील, ह्येच्यासाठी का शिकीवली व्हती तुला," एवढंच ती बोलली.

सोमवारी सकाळी सहाला शब्द सुरू झाला. उजवीकडून एकेक घर. हो. हो. हो. म्हादू म्हणाला, "हो, आता तरी हो." लोक हसले. दादांनी आपला शब्द दिला, तो सगळ्यांसारखाच, खाली बसून, हळू आवाजात.

माझी पाळी आली तेव्हा मी उभी राहिले. उभं राहायची पद्धत नव्हती. आईचे शब्द माझ्या कानात होते आणि मला खरंच नाही म्हणायचं होतं. मला घर हवं होतं. पक्कं, भिंतींचं, आतून कडी लावता येणारं. मला दारावरच्या पाटीवर माझं नाव हवं होतं. पण एवढी तोंडं माझ्याकडे वळली होती, आणि त्या तोंडांवर जे कौतुक होतं ते मला घरापेक्षाही सोडवत नव्हतं.

"हो," मी म्हणाले. वर जोडलं, "एकही घर मागे टाकून पुढे जाणारी माणसं आपण नाही."

माझ्यानंतर कौसाकाकू होती. ती जरा घुटमळली, पदराशी चाळा केला, मग म्हणाली, "हो." पुढची घरं भराभर झाली. एकशे अठरा हो. दादांच्या डोळ्यांत पाणी आलं.

मंगळवार गेला, बुधवार गेला. तंबूकडे वस्तीतलं कुत्रंही फिरकलं नाही. गुरुवारी मी दुपारची जेवायला घरी आले, तर आई ठेवणीतलं हिरवं लुगडं नेसून उंबऱ्यात बसलेली. पदराला गाठ मारलेली, गाठीत रेशनकार्ड.

"तू येतीस का म्या एकलीच जाऊ?"

"आई, शब्द दिलाय."

"तू दिलायस. मला कोन इचारलं?"

इथे मी सगळा दोष आईवर ढकलू शकते. तशी पुष्कळ वर्षं ढकलला. म्हातारी हट्टाला पेटली, एकटी गेली असती तर चारचौघांत तमाशा झाला असता, वगैरे. पण तिने विचारल्याबरोबर मला काय वाटलं ते मला चांगलं आठवतं. मला हायसं वाटलं. मी चप्पल घातली. आम्ही वस्तीच्या तोंडाने गेलो नाही. मागून बांधावरून, खाजणातून गेलो, चिखलात पाय भरवून घेतले आणि मोठ्या रस्त्याच्या नळावर धुतले.

तंबूत कारकून एकटाच बसून टेबलावरच्या माश्या मारत होता. त्याने कार्ड पाहिलं, रजिस्टर काढलं.

"त्या मिठागरवाल्या वस्तीतल्या का? बाकीचे कुठे आहेत?"

"येणार नाहीत," मी म्हणाले.

"आणि तू आलीस." त्याने माझ्याकडे वर मान करून बघितलं आणि हसला. "शहाणी आहेस."

त्या एका शब्दाने माझ्या अंगाची लाही झाली, पण मी उठून गेले नाही. आईच्या हातात खडूने नंबर लिहिलेली पाटी दिली. मी शेजारी उभी राहिले. फोटोग्राफर म्हणाला, "जरा जवळ सरका." आम्ही सरकलो. आयुष्यात आईबरोबर काढलेला माझा तो पहिला फोटो. आई त्यात हसते आहे.

पास डाळीच्या डब्यात तळाला गेला. वर तूरडाळ.

पुढचे अकरा महिने मी कसे काढले, असं कुणी विचारलं तर उत्तर लाजिरवाणं आहे. चांगले काढले. माणूस कशालाही सरावतो. मी पत्रं वाचत होते, बालवाडीची पाळी करत होते. उलट पूर्वीपेक्षा जोरात बोलत होते. आणि अर्ज मीच लिहीत होते. सगळ्यांची नोंद करा म्हणून दादा दर महिन्याला आठ-दहा जणांना घेऊन कचेरीत जायचे. त्या प्रत्येक अर्जात माझ्या टपोऱ्या अक्षरात एक वाक्य असायचं, 'आमच्यापैकी एकाही कुटुंबाने स्वतंत्र नोंदणी केलेली नाही.' कचेरीत कुणीतरी ते वाक्य वाचून रजिस्टर उघडून पाहत असेल, हे मला कळत होतं. तरी मी दर महिन्याला ते लिहिलं.

मे महिन्यात, सकाळी नऊला ते आले. तीन ट्रक भरून पोलीस, दोन बुलडोझर, आणि एक अधिकारी, पांढरा बुशशर्ट घातलेला. आम्हाला आदल्या दिवशी कुणकुण लागली होती. सगळी वस्ती वाटेवर बसली, हातात हात गुंफून, सहा रांगा. पुढच्या रांगेत दादा, त्यांच्या डावीकडे मी, माझ्या पलीकडे कौसाकाकू. ऊन मी म्हणत होतं, पण लोक गाणी म्हणत होते. त्या तासाभरात आपण जिंकू असं मलासुद्धा वाटलं, शपथेवर सांगते. अधिकारी ट्रकमागे वायरलेसवर बोलत होता आणि त्याचा चेहरा उतरला होता. बायकांपोरांच्या अंगावर बुलडोझर घालायचा हुकूम त्याच्याकडे नसावा.

"साहेब, सगळ्यांची नोंद करा, आम्ही आमच्या हाताने झोपड्या सोडतो," दादा म्हणाले. "सगळे नाहीतर कुणीच नाही. आमच्यात पात्र-अपात्र असं काही नाही."

"असं कसं?" अधिकाऱ्याने फाइल उघडली. "यादीत एक नाव आहे की."

"चूक असेल."

"तानूबाई लक्ष्मण सोनकांबळे. पात्र. यांची झोपडी आज पडणार नाही, यांना खोलीचा ताबा मिळेल." त्याने कर्णा तोंडाला लावला आणि तेच पुन्हा सगळ्यांना ऐकवलं.

गाणं थांबलं. दादा गोंधळले. एवढा जग पाहिलेला माणूस, पण त्यांना शंकासुद्धा आली नाही. ते माझ्याकडे वळून म्हणाले, "सुगंधा, बघ गं काय लिहिलंय ते. तुला कळेल. काहीतरी बनावट करतायत हे."

मी उठले. अधिकाऱ्याने फाइल माझ्यापुढे धरली. पानावर आमचा फोटो चिकटवलेला होता. आईच्या हातात पाटी, शेजारी मी, जवळ सरकलेली.

खोटं बोलावं असं फार वाटलं. पण फोटोतली मी आणि उभी असलेली मी, दोघींनाही अधिकारी बघत होता.

"बरोबर आहे," मी म्हणाले.

कुणी शिवी दिली नाही, कुणी अंगावर आलं नाही. मी परत बसायला वळले तर कौसाकाकूचा हात तिच्या मांडीवर पडलेला होता, घट्ट मिटून. मग मागच्या रांगेत कुणीतरी उठलं. म्हादू होता तो. तो आपल्या झोपडीकडे पळाला, भांडी काढायला. त्याच्या मागे आणखी चार, मग दहा, मग सगळे. पोलिसांना काठी उचलावी लागली नाही. पाच मिनिटांत वाट मोकळी झाली.

दुपारी एकपर्यंत सगळं सपाट झालं. पेजेचं पातेलं एका चाकाखाली गेलं. बालवाडीचे पत्रे ट्रकमध्ये गेले. मध्ये फक्त आमची झोपडी उभी राहिली, दारावर लाल रंगाने नंबर घातलेली. आई आत भिंतीकडे तोंड करून बसली होती.

आसपास कुठे झाड नव्हतं. मिठागराच्या बाजूला सावली नसतेच. ऊन डोक्यावर आलं तशी लोकांनी लहान पोरं आणली आणि आमच्या भिंतीच्या सावलीत बसवली. मग म्हातारी माणसं आली. किसनबुवा आले. दोघांनी कौसाकाकूच्या नवऱ्याला खाटेसकट उचलून आणलं आणि आमच्या दारापुढे ठेवलं. माझ्याकडे कुणी बघत नव्हतं. सावली तेवढी माझ्या घराची होती, दुसरीकडे नव्हती, म्हणून ते आले होते. मी तांब्याने पाणी देत फिरले. काहींनी घेतलं, काहींनी मान फिरवली.

दादांनी घेतलं. पाणी पिऊन त्यांनी तोंड पुसलं. त्या तीन तासांत माणूस दहा वर्षांनी म्हातारा झाला होता.

"तू नाही म्हणायचं होतंस, सुगंधा," ते म्हणाले. आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं झालं असतं. "दुसरं होतं काय आपल्याकडं? तेवढं एक नाही म्हणणं तर होतं."

"मी नाही म्हटलं असतं तर सगळंच मोडलं असतं ना, दादा?"

"मोडलं असतं. आणि तीन दिवसांत एक्केचाळीस घरांनी पास काढले असते." ते सपाट झालेल्या जमिनीकडे बघत राहिले. "एक्केचाळीस, पोरी. उरलेल्या सत्त्याहत्तरांना आपण वाटून घेतलं असतं, दोन दोन बिऱ्हाडं घरटी. ओटिसची माणसं तसंच जगली."

मी पास काढला म्हणजे फक्त माझ्यापुरतं पाप केलं, असा माझा तोवर समज होता. चोरून एक घास जास्त खाल्ला, एवढंच. दादा उठून गेले आणि मी हातात तांब्या धरून तिथेच उभी राहिले. माझ्या एका होकाराखाली चाळीस घरं गेली होती. पास काढून मी काही बिघडवलं नव्हतं. जे बिघडवायचं ते त्या सोमवारी सकाळी, उभी राहून, चांगली वाक्यं बोलून बिघडवलं होतं.

पुढचं आताच सांगून टाकते. आम्हाला तिसऱ्या मजल्यावर खोली मिळाली. आई तिथे नऊ वर्षं जगली, पण खिडकीशी कधी बसली नाही. वस्ती हायवेच्या कडेला पांगली, काही गावाकडे गेली. दादा भाऊच्या धक्क्यावर जाळी विणायचं काम करत होते असं ऐकलं, मी गेले नाही. कौसाकाकूचा नवरा पंधरा दिवसांत गेला, रस्त्याकडेलाच, प्लास्टिकच्या कागदाखाली. मला टेलिफोन खात्यात नोकरी लागली. निवृत्त झाले. आता खोली माझ्या नावावर आहे.

पण त्या दुपारी कौसाकाकूचा नवरा जिवंत होता, आणि ती त्याच्या उशाशी बसून पदराने माश्या वारत होती. मी तिच्यासमोर तांब्या धरला.

"तंबूत गेलीस तवा मला हाक मारायची व्हतीस," ती म्हणाली. "माझं बी कार्ड जुनंच हाय."

मला रडू फुटलं. "काकू, मला वाटलं तुम्ही शब्द मोडणार नाही."

"मोडला नसता." तिने नवऱ्याच्या तोंडात पाण्याचे चार थेंब सोडले. "पर सोमवारी माझ्या ओठावर न्हाईच आलं व्हतं. ह्येला घिऊन म्या कुटं जानार, असं वाटत व्हतं. मंग तू उभी ऱ्हायलीस. येवढं बोललीस. म्हनलं, आता न्हाई म्हनावं तर ही पोरगी काय म्हनंल आपल्याला. सगळ्यांम्होरं काय बोलंल."

"मी काही बोलले नसते, काकू."

"कुनाला ठावं." तिने तांब्या माझ्याकडे परत दिला. दूर ट्रक सुरू होत होते, शेवटचे पोलीस चढत होते. तिने त्यांच्याकडे बोट केलं. "ह्यांना म्या कधी भ्याले न्हाई, सुगंधे. चारदा घर मोडलं, तरी भ्याले न्हाई. त्या दिवशी तुला भ्याले."